हम्मामे बादगर्द आणि दगडाची माणसे

हातिम ताईचा किस्सा उर्दू बोलणाऱ्या घरांत नव्याने सांगावा लागत नाही. इस्लामपूर्व अरबस्थानात ताई कबिल्यात होऊन गेलेला हा दानशूर पुरुष. त्याच्या नावाभोवती फारसीत दास्तान रचली गेली. हैदरबख्श हैदरी यांनी कलकत्त्याच्या फोर्ट विल्यम कॉलेजात १८०१ च्या सुमारास ती ‘आराइशे महफिल’ या नावाने उर्दूत आणली. हुस्नबानोचे सात सवाल आणि त्यांची उत्तरे शोधत फिरणारा हातिम, असा तिचा सांगाडा. सातवा सवाल एका इमारतीचा आहे : हम्मामे बादगर्दची खबर आण.

बादगर्द म्हणजे वाऱ्यासारखे गरगरणारे. आत शिरणाऱ्याच्या डोक्यावर न्हावी तीनदा पाणी ओततो. मग अंधार होतो, दार नाहीसे होते आणि पाणी घुमटापर्यंत चढते. पाण्यातून सुटावे तर समोर ओसाड रान. पुढे बाग, बागेत महाल. महालात पिंजऱ्यातला पोपट, एक धनुष्य आणि तीन बाण. पोपट टिपला तर हिराही मिळेल आणि सुटकाही होईल. नेम चुकला तर माणूस दगड होईल. हातिमचा पहिला बाण चुकतो, तो गुडघ्यापर्यंत दगड होतो. दुसरा चुकतो, कमरेपर्यंत. तिसरा तो डोळे मिटून, अल्लाहचे नाव घेऊन सोडतो. पोपट पडतो, महाल विरून जातो आणि आजवर दगड होऊन उभी असलेली माणसे पुन्हा माणसे होतात.

मुले हा किस्सा ऐकताना हिऱ्याकडे पाहतात. आम्ही शिक्षक मात्र त्या दगडी माणसांपाशी थबकतो. ती सगळी काही एकाच दिवशी आलेली नव्हती. कुणी आजोबांच्या पिढीतला, कुणी कालचा. पण त्या महालात सारे एकाच रांगेत उभे होते. इमारत मोडली तेव्हा ती कोणत्या काळात परतली? ज्या घरातून निघाली ते घर उरले होते का?

अशाच एका प्रश्नाची खूण कुरआन शरीफच्या सूरए कहफमध्ये आहे. गुहेतले तरुण तीनशे आणि वर नऊ वर्षे झोपले. तीनशे सौर वर्षांची चांद्र वर्षे जवळपास तेवढीच भरतात. उठल्यावर त्यांना वाटले, एखादा दिवस गेला असेल. त्यांनी एकाला चांदीचे नाणे देऊन शहरात अन्न आणायला पाठवले. मुफस्सिर सांगतात की त्या नाण्यावरूनच त्यांचे गुपित फुटले. नाणे खोटे नव्हते. बाजार बदलला होता.

अशी नाणी मुठीत धरलेली माणसे आपल्या मोहल्ल्यातही आहेत. आठवीत शाळा सुटलेली मुलगी तिशीत सतरा नंबरचा फॉर्म भरून दहावीला बसू पाहते. कोकणातला बाप पंचवीस वर्षे आखातात राबून परततो, आणि ज्यांच्यासाठी राबला ती मुले त्याच्याशी पाहुण्यासारखी वागतात. वर्षानुवर्षे खटल्याची वाट पाहून एखादा निर्दोष सुटतो, तेव्हा त्याच्या हातातला हुनर जुना झालेला असतो. यांतले कुणी एका दिवसात दगड झाले नाही. आधी गुडघे, मग कंबर. आपण मात्र विचारतो, ‘इतकी वर्षे होतात कुठे?’

कुणी म्हणेल, त्या महालात माणसे हिऱ्याच्या लोभाने गेली होती. नेम त्यांचा चुकला, मग आपण काय देणे लागतो? हा आक्षेप खोटा नाही. माणूस आपल्या कृतीला जबाबदार असतोच. पण तुरुंगात नाहक सडलेल्याने कोणता बाण सोडला होता? लग्न ठरवून जिची शाळा सोडवली, तिच्या हाती धनुष्य कधी आले होते? आणि ज्याचा नेम खरोखरच चुकला, त्याच्यात आणि हातिममध्ये अंतर ते किती? एका बाणाचे. दोन बाण हातिमचेही चुकले होते. शिवाय तो तिथे स्वतःच्या हिऱ्यासाठी गेला नव्हता. हुस्नबानोवर मन जडलेल्या मुनीर शामीसाठी गेला होता. दगडातून उठणाऱ्यांपैकी कोण लोभाने आला आणि कोण फसून, अशी चौकशी करून त्याने सुटका वाटली नाही.

आमच्या मते हातिमच्या किस्स्याचा आठवा सवाल इथे सुरू होतो, आणि तो हुस्नबानोने विचारलेला नाही. तिलिस्म मोडणे एकट्याच्या हिमतीवर होऊ शकते. निकाल लागतो, फॉर्म भरला जातो, विमान उतरते. तो तिसरा बाण. पण उठलेल्या माणसाला आजच्या दिवसात जागा करून देणे एकट्याचे काम नाही. ते साऱ्या वस्तीवर सोपवलेली अमानत आहे. वर्गात तिशीतल्या बाईसाठी बाक सरकवणे, सुटून आलेल्याला दुकानात कामाला उभे करणे, बापाला घरातले निर्णय पुन्हा विचारणे, एवढ्या साध्या गोष्टींनी जुने नाणे चलनात येते. त्या न करणाऱ्या वस्तीत महाल विरून गेला तरी माणसे दगडासारखीच उभी राहतात, आणि या वेळी दोष देण्याजोगा कुणी जादूगारही नसतो.