न झालेल्या गोष्टींचा नकाशा

मागल्या हिवाळ्यात आमच्या शाळेच्या विज्ञान-प्रदर्शनात सातवीतल्या एका मुलाने एक खोके मांडले होते. बिस्किटांचा पत्र्याचा डबा, वर काच, आत दिवा. खोक्यावर मोठ्या अक्षरांत चिठ्ठी होती : 'समांतर विश्वांचा नकाशा काढणारे यंत्र'. मी चित्रकलेचा मास्तर, शिक्षणाने मॅट्रिक, फावल्या वेळात कादंबऱ्या लिहिणारा. विज्ञानात माझी गती बेताचीच. पण न घडलेल्या गोष्टींवर कादंबरीकाराचे पोट चालते. तेव्हा मी थांबलो.

"यात काय दिसतं रे?"

"जे झालं नाही ते, सर."

त्याने काचेवर दोन पारदर्शक कागद ठेवले. एकावर आजचे सेक्टर, रस्ते, रेल्वे. दुसऱ्यावर त्याच जागेची भातखाचरे, खारजमिनीचे बांध, मिठागर आणि उघाडी. हा दुसरा कागद आजोबांना विचारून काढलेला. मुलगा गावठाणातला. परीक्षकांनी त्याला बक्षीस दिले नाही. यंत्र चालत नव्हते म्हणे! मला तर सबंध प्रदर्शनात तेवढे एकच चालताना दिसले.

कल्पना त्याने डॉ. जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेवरून उचलली होती. कथा तुमच्यापैकी पुष्कळांनी वाचली असेल. ट्रकशी टक्कर होते आणि इतिहासाचे प्राध्यापक अशा एका जगात जाऊन पोचतात, जिथे 14 जानेवारी 1761 रोजी विश्वासराव पडलेच नाहीत आणि पानिपत मराठ्यांनी जिंकले. नारळीकरांनी त्यांना यंत्र काही दिले नाही. परत येताना पुरावा म्हणून खिशात बखरीचे एक फाटके पान तेवढे दिले. 20 मे 2025 रोजी नारळीकर गेले, तेव्हा मला प्रथम आठवले ते हे पान. कल्पनेमागे शास्त्राचाही थोडा आधार आहे. ह्यू एव्हरेट या अमेरिकन शास्त्रज्ञाने 1957 साली मांडले, की सूक्ष्म कणांच्या जगात ज्या ज्या शक्यता असतात, त्या सगळ्याच आपापल्या शाखेत घडत राहतात. सर्व शास्त्रज्ञांना हे मान्य नाही. पण क्षणभर खरे धरू.

मग प्रश्न असा, की अशा जगात पश्चात्ताप कोणी आणि कशाचा करायचा?

हा प्रश्न मला हौसेने पडलेला नाही. बारा वर्षांपूर्वी एका मुलाने खाडीतल्या होडीचे चित्र आणले. इतके सुरेख, की ते त्याने काढले असेल यावर माझा विश्वास बसला नाही. भर वर्गात ते मी फाडले. चित्र त्याचेच होते, हे महिन्याभराने कळले. तोवर त्याने रंगपेटी आणणे सोडले होते. मी त्याची क्षमा मागितली नाही. मास्तरने मुलाची क्षमा मागायची असते, हे मला कोणी शिकवले नव्हते. ही सबबही लंगडीच.

आता एव्हरेटसाहेबांच्या हिशेबाने एका जगात मी ते चित्र फाडले नसणार. भिंतीवर लावले असेल. हा विचार पहिल्यांदा सुचला त्या रात्री मला चांगली झोप लागली, आणि सकाळी त्या झोपेचीच लाज वाटली. माझी आजी म्हणायची, होणारे टळत नाही. हे नवे शास्त्र म्हणते, सगळेच होते. एकीच्या मते दुसरे काही घडूच शकत नव्हते, दुसऱ्याच्या मते दुसरेही घडलेच आहे. दोघांची वाट उलट. पण अपराध्याला दोघेही घरी सोडतात. ज्याचे चित्र फाटले तो मुलगा मात्र याच जगात राहतो. पलीकडच्या भिंतीवरचे चित्र त्याला कोण नेऊन दाखवणार?

आमचे हे शहरही आधी कागदावर उमटले. चार्ल्स कोरिया, प्रवीणा मेहता आणि शिरीष पटेल यांनी 1964-65च्या सुमारास खाडीपलीकडच्या शहराची कल्पना मांडली. 17 मार्च 1970 रोजी सिडको स्थापन झाली आणि पंचाण्णव गावांच्या जमिनींवर रेघा पडल्या. भरपाईसाठी दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली शेतकरी उठले. 1984च्या जानेवारीत जासई भागात गोळीबार होऊन पाच माणसे गेली. पुढे साडेबारा टक्के विकसित जमीन परत देण्याची योजना आली. मी स्वतः त्या रेघांमुळेच छपराखाली आहे, तेव्हा शहर नको होते असे म्हणण्याचा ढोंगीपणा मी करणार नाही. पण खालचा कागद काढून घेतला, की वरचा नकाशा फार निर्मळ दिसू लागतो. खालचा असू द्यावा. सुटकेसाठी नव्हे, काय देऊन काय घेतले, ते समोर राहावे म्हणून.

त्या होडीवाल्या मुलाचा पत्ता मी मिळवला आहे. तो दुकानांच्या पाट्या रंगवतो. भाऊबीज झाली की जायचे ठरवले आहे. काय बोलायचे ते अजून सुचलेले नाही.

प्रदर्शनाच्या संध्याकाळी आजोबा आले होते. दिवा लावताच ते काचेवर वाकले. बराच वेळ बोट फिरवत राहिले. मला वाटले, आता डोळे भरून येतील.

"गुरुजी," ते म्हणाले, "पोरानं उघाडी चुकवली. ती खाडीच्या अंगाला व्हती."

मी खोडरबर शोधायला लागलो.