शिजविणारा आणि खाणारा

हैदराबादेतील आमच्यासारख्या काही मराठी घरांत सामिष आहाराविषयी एक अलिखित तह असे. मुलाने बाहेर, मित्राच्या घरी अथवा लग्नाच्या दस्तरखानावर काय खाल्ले, याची चौकशी होत नसे. मात्र उंबरठ्याच्या आत ते शिजता कामा नये. खाणे हा क्षम्य प्रमाद, शिजविणे हा अक्षम्य. हा तह आम्ही इतकी वर्षे पाळला की त्यात काही विसंगती आहे, हे ध्यानी यायला केस पिकावे लागले.

निमित्त झाले ते दालच्याचे. मराठवाड्यातील वाचकांना दालचा निराळा सांगायला नको. १९५६ पर्यंत तो प्रदेश आणि आम्ही एकाच राज्यात होतो आणि राज्ये वाटली गेली तरी चवी वाटल्या जात नाहीत. इतरांसाठी सांगतो. हरभऱ्याची डाळ, हाडासकट मटण आणि दुधी यांचे हे आंबट, दाटसर कालवण. बरोबर बगाऱ्याचा भात. हैदराबादेत दुधीला कद्दू म्हणतात, त्यामुळे पुण्याहून आलेली आमची एक आतेबहीण लाल भोपळा घेऊन आली होती. तो घोळ येथे प्रस्तुत नाही.

आमच्या भिंतीला भिंत लागून असलेल्या घरातील वृद्ध बाईंना आम्ही सारी मुले ‘खाला’ म्हणत असू. त्यांच्याकडे कार्य निघाले की दालच्याची देग चढे. त्याआधी पहाटे, स्वच्छ घासलेल्या निराळ्या पातेल्यात त्या बिनमांसाचा दालचा करीत आणि आमच्या मातोश्रींच्या हाती देताना दरवेळी तेच सांगत, ‘‘बाई, ये तुमारा है. इसमें वो चमचा भी नै डुबाये.’’ मातोश्री ते पातेले निःशंकपणे घेत. कोणी कधी खातरजमा केली नाही. आणि त्याच दिवशी दुपारी आम्ही भिंतीपलीकडे बसून देगेतला दालचा नळीसकट संपवीत असू, हे दोन्ही बायकांना ठाऊक होते.

खाला गेल्या, त्यांची मुले शहराच्या दुसऱ्या टोकाला गेली, आणि मागील वर्षी आमच्या मनाने घेतले की तो दालचा, देगेतला, आपण आपल्या घरी करावा. मातोश्री आता ८६ वर्षांच्या आहेत. त्या घरात आहेत. प्रश्न येथे उभा राहिला.

आधी वाटले, प्रश्न आहाराचा आहे. मनुस्मृतीच्या पाचव्या अध्यायात मारणाऱ्यांच्या यादीत आठ जण गणले आहेत: संमती देणारा, तुकडे करणारा, प्रत्यक्ष मारणारा, विकत घेणारा, विकणारा, शिजविणारा, वाढणारा आणि खाणारा. त्या ग्रंथाशी आमचे अनेक बाबतींत भांडण आहे. परंतु येथे त्याचा हिशेब चोख आहे हे कबूल केले पाहिजे. शिजविणारा आणि खाणारा एकाच ओळीत बसले आहेत. आमचा तह त्यांना दोन पंक्तींत बसवीत होता, तो कशाच्या आधारावर? बौद्ध परंपरेत भिक्षूला सवलत आहे. आपल्यासाठीच प्राणी मारला, असे पाहिले, ऐकले वा संशयिले नसेल, तर भिक्षापात्रात पडलेले मांस त्याने खावे. पण ती सवलत मागून खाणाऱ्याची आहे. पिशवी घेऊन दुकानाच्या फळीसमोर उभे राहून ‘सीन्याचे द्या, थोडे नळीचे द्या’ म्हणणाऱ्याला तिचा आसरा घेता येणार नाही.

त्या फळीसमोर उभे राहिलो तेव्हा एक गोष्ट उमगली. दस्तरखानावरचे मांस हा पदार्थ होता. येथे तो देह होता. इतकी वर्षे आम्ही ज्याला घराची शुचिता म्हणत होतो, ती पुष्कळशी न पाहण्याची सोय होती. घरी शिजविणे हे बाहेर खाण्याहून अधिक पाप नव्हे. झालेच तर अधिक प्रामाणिक.

येथे लेख संपविता आला असता. पण वनपर्वातला धर्मव्याध आडवा आला. कौशिक नावाचा तपस्वी ब्राह्मण एका गृहिणीच्या सांगण्यावरून मिथिलेस जातो आणि मांस विकणाऱ्याच्या दुकानी धर्म ऐकतो, ही कथा आपण व्यवसायाने माणूस हीन ठरत नाही हे सांगायला वापरतो. तिचा उत्तरार्ध सोयिस्करपणे विसरतो. स्वतः मांस न खाणारा तो व्याध आपला उद्योग घोर आहे हे लपवीत नाही. आणि पाहुण्याला आत नेऊन आपले वृद्ध आईबाप दाखवितो, हीच माझी दैवते म्हणतो. मग कौशिकाला खडसावतो, की तू आईबापांची अनुज्ञा न घेता वेदाध्ययनासाठी निघून आलास, ते शोकाने आंधळे झाले, परत जा. वेदाध्ययनासारख्या कामालाही जर अनुज्ञा लागते, तर दालच्याला?

तेव्हा प्रामाणिकपणाचा आमचा युक्तिवाद तर्कदृष्ट्या निर्दोष असूनही अपुरा होता. आपल्या सचोटीचा खर्च ८६ वर्षांच्या बाईने तिच्याच स्वयंपाकघरात का सोसावा? दुसरीकडे, ती झोपल्यावर गच्चीत चूल मांडणे हे त्या जुन्या तहापेक्षाही हीन झाले असते. खालांनी चमच्याचीसुद्धा फसवणूक केली नव्हती.

आम्ही विचारले. मातोश्री बराच वेळ बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, ‘‘माझ्या भांड्यांत नको. आणि चोरासारखं नको.’’ त्यांना ते आवडले नव्हते, हे त्यांच्या चेहऱ्यावर होते. ती संमती आनंदाची होती असे आम्ही भासविणार नाही. मनूच्या यादीत संमती देणाराही आहे, हे आम्हाला त्या क्षणी आठवले आणि आम्ही जवळजवळ माघार घेतली होती.

नवे पातेले आणले. कांदा, आले-लसूण, हळद, तिखट यांत मटण परतून शिजत ठेवले. डाळ निराळी शिजवून घोटली. दोन्ही एकत्र करून दुधीच्या फोडी टाकल्या. त्या दिवशी मातोश्री पुढच्या खोलीत, दार लोटून बसल्या होत्या. जेवणही त्यांनी लवकरच उरकून घेतले होते. जिरे, सुक्या मिरच्या आणि कढीपत्त्याचा बघार बसला, तसा घरभर वास गेला. थोड्या वेळाने दाराआडून आवाज आला, ‘‘चिंच शेवटी घातलीस ना? आधी घातली की डाळ आणि दुधी दडस राहतात. खाला नेहमी सांगायची.’’

आम्ही चिंच अजून घातलीच नव्हती. कोळ हातात घेऊन तसेच उभे होतो.