व्हाइसवर हात कोणाचा?

अमरावती

चि. पोरी,


अकोल्याच्या आयटीआयत तू शिल्प निदेशक म्हणून रुजू झालीस, फार बरं वाटलं. मीही आयुष्यभर हेच काम केलं, म्हणून दोन गोष्टी हक्कानं सांगतो.

फिटरच्या वर्गाची यादी हाती येईल तेव्हा तीत बाळापूरचा उर्दू माध्यमाचा पोरगा असेल, सातपुड्याच्या पायथ्याचा कोरकू असेल, मूर्तिजापूरहून रेल्वेनं ये-जा करणारी मुलगी असेल. मुलींना ३० टक्के जागा, मागासवर्गीयांना आरक्षण, या तरतुदींनी त्यांना तुझ्या वर्कशॉपच्या दारात आणलं. तिथून व्हाइसपर्यंत नेणं तुझ्याकडे.

लेथ कमी आणि पोट्टे जास्त, हे सगळीकडचंच. मग धीट पोरं मशीन धरतात आणि मुलगी मागं उभी राहून रीडिंग लिहिते. दोन वर्षांनी प्रमाणपत्र तिलाही मिळतं, पण हात कोराच राहतो. म्हणून पाळीचा तक्ता भिंतीवर लाव. रेल्वेनं येणाऱ्यांची पाळी सकाळी पहिली ठेवू नकोस. फायलिंग असो की ड्रिलिंग, प्रत्येकाचा जॉब वेगळा तपास. व्हर्निअर कसं वाचायचं, हे कोरकू पोराला त्याच्या बोलीत शेजाऱ्याला समजावायला लाव. अडलं असेल तर तिथंच कळेल. कोणी दोन दिवस आलं नाही तर ‘काऊन आला नाही?’ असं स्वतः विचार. बऱ्याचदा सोयाबीनची सोंगणी असते. रागावण्याआधी ते समजून घे.

१९७७ च्या रोजगार हमी कायद्यानं आपल्या राज्यात मागेल त्याला काम हा हक्क आला. पण कुदळीपुढची मजुरी हवी तर हातात कसब लागतं, आणि कसब पक्कं होतं ते कारखान्यात. म्हणून अप्रेंटिसशिपचा पाठपुरावा सोडू नकोस. तीस किंवा जास्त माणसं असलेल्या आस्थापनेनं अडीच ते पंधरा टक्के अप्रेंटिस घ्यावेत, असा नियम आहे. एमआयडीसीतल्या मालकांकडे, पारसच्या वीज केंद्रात स्वतः जा. ‘मुली नको’ म्हणाले तर अडचण विचार. संडासाची असेल, कामाच्या पाळीची असेल, बोलून सुटते.

२०२४ च्या मुख्यमंत्री युवा कार्य प्रशिक्षण योजनेत आयटीआयवाल्यांना महिना ८,००० रुपये विद्यावेतन ठरलं. पोरं त्याला नोकरी समजतात. ते ठरावीक मुदतीचं शिकणं आहे, हे आधीच स्पष्ट सांग. नाहीतर मुदत संपल्यावर घरचेही खचतात. पक्क्या कामासाठी नजर इथं, अमरावतीजवळ ठेव. नांदगाव पेठच्या पीएम मित्र वस्त्रोद्योग पार्कचं भूमिपूजन सप्टेंबर २०२४ मध्ये झालं. तिथं उद्या मशीन दुरुस्त करणारे हात लागतील. ते वऱ्हाडचे असावेत असं वाटत असेल तर तयारी आजपासून हवी.

निकालाची टक्केवारी वर पाठवावी लागेलच. स्वतःसाठी मात्र एक वही ठेव: कोण कुठं लागलं, किती मिळतं, कोण घरी बसलं आणि का. वर्षअखेर ती उघड. घरी बसलेल्यांत मुली आणि कोरकू पोरंच जास्त दिसली, तर पुढच्या वर्षी पाळीचा तक्ता त्यांच्यापासून सुरू कर.

तुझा,
मास्तर