उसने वार्धक्य

वार्धक्य उसने आणता येते का? मॅक्स फॉन सिडो या स्वीडिश नटाची कारकीर्द आठवू लागलो की हा प्रश्न मनात घोळू लागतो. १९५७ साली, तिशीही गाठली नसताना, तो बर्गमनच्या ‘द सेव्हन्थ सील’मध्ये धर्मयुद्धाहून परतलेला, श्रद्धा डळमळलेला सरदार होऊन साक्षात मृत्यूसमोर बुद्धिबळाचा पट मांडून बसला, आणि त्याच वर्षी माल्मोच्या नगरनाट्यगृहात, त्याच दिग्दर्शकाच्या हाताखाली, इब्सेनचा पेअर गिंट होऊन उनाड तारुण्यापासून रित्या हातांच्या म्हातारपणापर्यंतची वाट एकेका प्रयोगात चालून गेला. आपण आयुष्य क्रमाने जगतो. नट मात्र शेवटचे पान आधी वाचून पुन्हा आपल्या वयात परततो. परतणारा तो पूर्वीचाच असतो का?

त्याच वर्षीच्या ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’मध्ये सिडो एका लहानशा प्रसंगात पेट्रोलपंपाचा मालक झाला आहे. समोर गाडीत वृद्ध डॉक्टर: मूकपटांचा थोर दिग्दर्शक आणि नट व्हिक्टर श्योस्ट्रोम. जुन्या उपकारांची आठवण ठेवून पंपवाला पैसे घ्यायला नकार देतो. एका चेहऱ्यावर काळाने स्वहस्ते लिहिलेले वार्धक्य, दुसऱ्याच्या वाट्याला ते अजून यायचे असलेले; पडद्यावरची ही कृतज्ञता मला एका पिढीच्या नटाने दुसऱ्या पिढीला केलेल्या नमस्कारासारखी भासते.

पुढे ‘द एक्सॉर्सिस्ट’साठी, चव्वेचाळिशीच्या आसपास, त्याला जख्ख म्हातारा धर्मगुरू व्हायचे होते. रंगभूषाकार डिक स्मिथ त्याची त्वचा ताणून धरी, तिच्यावर पातळ रबराचा लेप देई आणि लेप वाळल्यावर ताण सोडी. मग सुरकुत्या आपोआप उमटत. असंख्य प्रेक्षकांना ते म्हातारपण खरेच वाटले. भरताने सांगितलेल्या चतुर्विध अभिनयातला आहार्य, म्हणजे वेशभूषा-रंगभूषेचा भाग, इतका सूक्ष्म झाला, की तो आहार्य आहे हेच कळेनासे झाले. तरीही, लेपाखालच्या त्या संथ हालचाली आणि थकलेला श्वास कोणत्या रंगपेटीतून आले असतील?

अखेर खरे वार्धक्य आले. २०११ सालच्या ‘एक्स्ट्रीमली लाउड अँड इन्क्रेडिबली क्लोज’मध्ये ऐंशी ओलांडलेला सिडो एकही शब्द बोलत नाही, एका तळहातावर ‘हो’ आणि दुसऱ्यावर ‘नाही’ गोंदवलेला हा भाडेकरू कधी चिठ्ठी लिहितो, कधी नुसता हात उघडून दाखवतो. माल्मोच्या विस्तीर्ण रंगमंचावर ज्याचा खर्ज घुमला, त्याने वाचिक अभिनय पूर्णपणे बाजूला ठेवला, आणि या भूमिकेसाठी त्याला ऑस्करचे नामांकन मिळाले.

उसने वार्धक्य अंगावर काहीतरी चढवत जाते, स्वतःचे वार्धक्य एकेक उतरवून ठेवायला शिकवते, असे म्हणण्याचा मोह होतो खरा. पण उतरवून ठेवण्याजोगे काही गाठीशी असावे लागते. अर्धशतकभर तो आवाज ऐकलेल्यालाच त्या मौनाची किंमत कळते. त्याग हा संचयाचाच उत्तरार्ध असावा, रंगमंचावर आणि कदाचित आपल्या साध्यासुध्या जगण्यातही.