सणाचे लुगडे

६ जूनला किल्ले रायगडावर शिवराज्याभिषेकाचा सोहळा होतो, तेव्हा महाडहून गडाकडे जाणारी वाट फेट्यांनी आणि नऊवाऱ्यांनी फुलून जाते. शाळा-महाविद्यालयांतूनही वर्षातून एकदा 'पारंपरिक वेशभूषा दिन' असतो. या हौसेला नाक मुरडण्याचे कारण नाही. सणाला माणूस नटतो आणि नटताना आपण कुणाचे कोण, हे त्याला आठवते. तथापि 'परंपरा' हा शब्द आपण ज्या सहजतेने उच्चारतो, ती सहजता निदान महाडात तरी थोडी अडखळावी, असा एक प्रसंग तेथे घडून गेला आहे.

२० मार्च १९२७ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी आपल्या अनुयायांसह चवदार तळ्याचे पाणी घेतले, हे सर्वांना ठाऊक आहे. त्याच वर्षी २५ डिसेंबरला (आपल्याला ही तारीख वेगळ्या कारणाने स्मरते) तेथेच मनुस्मृतीचे दहन झाले. त्या ग्रंथाच्या दहाव्या अध्यायात चांडाळांची वस्त्रे प्रेतावरची असावीत आणि अलंकार लोखंडाचे असावेत, असा दंडक आहे. दहनाची आठवण लोकांनी जपली. त्याच मुक्कामात बाबासाहेब स्त्रियांशी जे बोलले, ते मात्र फारसे कुणी काढत नाही. गुडघ्याच्या वर लुगडे नेसण्याची तुमची रीत आणि गळ्यात, कोपरापर्यंत हातांत घातलेले ते कथला-चांदीचे जड दागिने ही तुमच्या अस्पृश्यतेची ओळखचिन्हे आहेत. ती टाका, असे त्यांनी सांगितले. वस्त्र फाटके असले तरी चालेल, पण ते स्वच्छ असावे. सवर्ण सहकाऱ्यांच्या घरच्या स्त्रियांनी घोळदार नेसण नेसवून दाखवली आणि अनेक बाया घोट्यापर्यंत लुगडे नेसूनच घरी परतल्या.

आजीपासून चालत आलेली नेसण दोन दिवसांत सुटली. लोकजीवनाचा अभ्यासक हळहळेल. तो म्हणेल, एक पोषाख लोपला आणि त्याच्या जागी आला तोही उसना, वरच्या जातींचा. शिवाय गुडघ्यावरची नेसण या भूमीला साजेशीच होती. सावित्रीच्या खोऱ्यात, पोलादपूरपासून महाडपर्यंत, भाताची लावणी पोटरीभर चिखलात होते. तेथे घोळदार लुगडे नेसून उतरणारी बाई वेडीच ठरेल.

आक्षेप खरा आहे. पण तो लावणीच्या दिवसापुरता खरा आहे. चिखलात कोणतीही बाई पदर आणि ओचा खोचते व बांधावर आली की सोडते. खरा प्रश्न सणाच्या दिवशीचा आहे. सणालाही, लग्नालाही, जत्रेलाही ज्या बाईला तो ओचा सोडता येत नाही, तिचे लुगडे हे वस्त्र नव्हे, ती पाटी आहे. दुरून येणाऱ्याला ती वाचता यावी, म्हणजे विटाळ टाळता येईल, एवढेच तिचे प्रयोजन. सवर्ण बायकांसारखे नेसणे हे अनुकरण होते, हे मी नाकारत नाही. परंतु त्या अनुकरणात पहिली गोष्ट घडली ती ही, की पाटीवरची अक्षरे पुसली गेली. रस्त्याने चालणारी बाई कोण, हे आता तिला विचारावे लागणार होते.

सप्टेंबर १९२१मध्ये मदुराईला गांधीजींनी पंचा स्वीकारला. त्या त्यागाने देश हेलावला आणि तो योग्यच हेलावला. पुढे अनेकांना बाबासाहेबांचा सूट खुपला. पण त्याग हाती असलेल्या वस्तूचाच करता येतो. ज्याच्या समाजाला पंच्यापलीकडे काही नेसू दिले गेले नाही, त्याने पंचा नेसून कोणता त्याग केला असता? त्या अंगावर सूट हेच व्रत होते. एकच पंचा एका देहावर तपश्चर्या ठरतो आणि दुसऱ्यावर शिक्षा. कापड तेच असते, फरक मुभेचा असतो.

आपण ख्रिस्ती वाचकांनी येथे दुसरी बाजूही आठवावी. १७३६ साली गोव्यात इन्क्विझिशनने फर्मान काढून ख्रिस्ती झालेल्यांना धोतर आणि चोळी यांची मनाई केली. महाडच्या बाईला जुने सोडण्याची मुभा नव्हती. गोव्याच्या बाईला जुने ठेवण्याची नव्हती. दोन्हीकडे हुकूम दुसऱ्याचा आणि अंग मात्र तिचे. वसईकडच्या आपल्या आज्यांचे लाल लुगडे आता सणावारी, लग्नाकार्यांत दिसते, रोजच्या वापरातून ते मागे पडत गेले. त्याबद्दल वाटणारी हुरहूर मी खोटी मानत नाही. पण ते कुणी फर्मानाने उतरवले नाही आणि ज्या नातीने ते पुन्हा नेसले, तिला कुणी नेसायला लावले नाही. म्हणून ते तिला शोभते.

दरवर्षी २० मार्चला चवदार तळ्यावर मोठा समुदाय लोटतो. कितीतरी स्त्रिया पांढऱ्या साड्या नेसून आलेल्या असतात, घोट्यापर्यंत चापूनचोपून नेसलेल्या. हाही एक सणच. त्या नेसणीला पारंपरिक पोषाख कुणी म्हणत नाही. मात्र त्यांतल्या काहींच्या घरी ती पणजीपासून चालत आलेली आहे.