विजन आणि रिकामे घर



अटन, विजन, भिक्षा, भोजन हा आपल्या भिक्षूंचा नित्याचार. त्यांतील विजनाविषयी गेल्या पावसाळ्यात एका वृद्ध वासनिक बाईंनी मला विचारले, "बाबा, यजमान गेले, मुले परगावी. दिवसभर घरात मी एकटी. मग माझे घरच विजन झाले ना?"

प्रश्न दिसतो तितका भोळा नाही. भिक्षू आपण होऊन उठतो, गावाबाहेर झाडाखाली जाऊन बसतो. जनसंग त्याने सोडलेला असतो. बाईंना जनांनीच सोडले आहे. सोडून गेलेली माणसे मनात ठाण मांडून बसली असता घर निर्जन कसे म्हणावे?

मी त्यांचा दिनक्रम विचारला. पहाटे स्नान, विशेषांची पूजा, विडाअवसर, लीळाचरित्रातील दोन लीळांचे वाचन, देवाला उपहार दाखवून भोजन. दारी भिक्षू आल्यास त्याला अन्न. सायंकाळी पुन्हा विडाअवसर. सारे यथास्थित होते. मुलाचा फोन रविवारी येतो. पण न जाणो मध्येच आला तर, म्हणून कान रोजच तिकडे. "नाव देवाचे घेते आणि वाट मुलाची पाहते," असे म्हणून त्या रडू लागल्या.

त्यांना दटावण्यात अर्थ नव्हता. (आम्हा आश्रमवासीयांनाही भोजनाची हाक फार लवकर ऐकू येते.) नाम, मूर्ती, लीळा, चेष्टा असे स्मरण चतुर्विध आहे. जिभेला नामाचा सराव झाला की मन मोकळे हिंडू लागते. लीळा आठवताना मात्र त्याला काम पडते: स्थान कोणते, सन्निध कोण, बोलणे काय झाले. म्हणून मी म्हणालो, फोन आठवला की त्या आठवणीशी झगडू नका. स्मरणी खाली ठेवा आणि एकांकातील एखादी लीळा मनाने पाहा. सर्वज्ञ तेव्हा एकाकी विचरत होते; सालबर्डीच्या डोंगरातील वास तर निखळ एकांताचा. तेथे त्यांना कोणाचीच उणीव नव्हती. आपल्याला आहे, म्हणून तर तो एकांत आपण आठवायचा.

महिन्याने त्या पुन्हा भेटल्या. फोन अजून रविवारीच येतो. मात्र दुपारी घटकाभर त्या फोन घरात ठेवून मागील अंगणातल्या निंबाखाली बसतात. पहिल्या दिवशी तीनदा उठून पाहून आल्या, असे त्यांनी हसत सांगितले. आदल्या दिवशी एकदाच उठल्या होत्या.