राखेतली एक पोथी

इंग्रजी गोष्टींतून एक नोकरी मोठी झकास असते. कालप्रवासी एजंटाची. हा गृहस्थ भूतकाळात जातो आणि जे जळणार, बुडणार किंवा वाळवीच्या पोटात जाणार हे नक्की ठाऊक आहे, तेवढेच नेमके उचलून आणतो. नियम एकच. घडले म्हणून ज्याची नोंद आहे, त्याला हात लावायचा नाही. ग्रंथालय जळले ना? जळू दे. आतली पोथी तेवढी पिशवीत टाक. राख मोजायला कोण बसलाय!

पुतण्याने हे सारे मला समजावून सांगितले तेव्हा मी विचारले, "महाडला बदली मिळेल का रे?"

"महाडला काय आहे, काका?"

आता याला काय सांगावे! महाड-पोलादपूर एवढ्या टापूत त्या एजंटाला पेन्शनीपर्यंत काम पुरेल. पोलादपूरला कवींद्र परमानंदांची समाधी आहे. महाराजांच्या काळात संस्कृतात 'शिवभारत' रचणारे ते हेच. १९२७ साली स. म. दिवेकरांनी ते छापून लोकांपुढे आणले. एकतीस अध्याय पुरे होतात आणि बत्तिसावा नऊ श्लोकांवर तुटतो. राज्याभिषेक तर लांबच राहिला. पुढची पाने गहाळ झाली की लिहिलीच गेली नाहीत, ते बघायला माणूस पाठवलाच पाहिजे. (तो जाऊन "पुढे?" म्हणून विचारील आणि कवींद्र म्हणतील, "आधी चार घास खाऊन घ्या." आमच्याकडे पाहुण्याशी कामाचे बोलणे जेवणानंतर.)

इथपर्यंत ठीक. पण मग मी त्याला रायगडावर नेले. १८१८चा मे महिना, खालून इंग्रजांच्या तोफा, वर वाडे पेटलेले. एजंट दप्तराचा रुमाल काखोटीला मारून निघतो आणि वाटेत त्याला तुळईखाली अडकलेला एक पाणक्या दिसतो. आता?

"त्याला सोडून यायचं," पुतण्या म्हणाला. "नियम!"

पण नियमाचेच बघा. या पाणक्याचे नाव कुठल्याही बखरीत नाही. तो जगल्याची नोंद नाही, मेल्याचीही नाही. म्हणजे हरवलेला इतिहास तो हाच की नाही? रुमालातल्या कागदापेक्षाही तो जास्त हरवलेला.

"पण तो वाचला तर त्याला मुलं होतील, नातवंडं होतील. पुढचा सगळा घोटाळा!"

आणि कागदाने घोटाळा होत नाही? वतनाची एक जुनी सनद सापडू दे, महाडच्या कोर्टात सात पिढ्यांच्या वकिलांची सोय झालीच म्हणून समजा. खरी गोष्ट अशी की कागदाला ओरडता येत नाही, म्हणून तो उचलायला सोपा. राजवाड्यांनीही गावोगाव पायपीट करून दप्तरे गोळा केली, बावीस खंड छापले. पण त्यांना कोणाला आगीत टाकून यावे लागले नाही.

पुढचा प्रश्न पुतण्याने नाही, मीच काढला. २ ऑगस्ट २०१६. महाडजवळ सावित्रीवरचा ब्रिटिशांच्या काळातला पूल रात्री पुरात गेला आणि एसटीच्या दोन गाड्या माणसांसकट नदीत गेल्या. इथे तर नोंद पक्की, नावानिशी. नियमाने एजंटाला काठावर हात बांधून उभे राहायला हवे. ही नोकरी मला नको, कितीही पगार देवोत.

त्या रात्री पुलाजवळच्या गॅरेजमधल्या एका माणसाने पाहिले, की पुलावर गेलेल्या गाड्यांचे दिवे दिसेनासे होतायत. भर पावसात रस्त्यावर येऊन त्याने मागच्या गाड्या अडवल्या, पोलिसांना कळवले. त्याने कोणाला नियम विचारला असेल असे वाटत नाही. गेलेल्यांची यादी झाली. अडवलेल्या गाड्यांत कोण होते, ते कोणी लिहून ठेवले नसणार; ती मंडळी आपापल्या घरी पोचली.